कच्च्या टोमॅटोची पक्की वही

बी.कॉम. होण्याचे जे थोडेफार फायदे आहेत, त्यांत इतिहास हा विषय सुटतो, हा एक मोठाच फायदा आहे. पानिपतची तिसरी लढाई कोणत्या साली झाली हे विसरलं तरी पदवी मिळते. नावे कुठल्या बाजूला आणि जमा कुठल्या बाजूला, हे विसरून मात्र चालत नाही. पण बीड जिल्ह्यातल्या एका बँकेच्या शाखेत वीस-बावीस वर्षं काउंटरमागे काढल्यावर माझं असं मत झालं आहे की, इतिहासकार आणि कारकून यांत फारसा फरक नाही. दोघेही जुनी खाती उकरतात, दोघांनाही ऐन वेळी मूळ कागद सापडत नाही, आणि दोघांचंही शेवटी कुणाशी तरी वाजतं. फरक एवढाच, की इतिहासकारांच्या भांडणाला परिसंवाद म्हणतात आणि तिथे मध्ये चहा मिळतो.

तेव्हा या अधिकारावर मी आज एका पदार्थाचा इतिहास सांगणार आहे. पदार्थ आहे हिरव्या, म्हणजे कच्च्या टोमॅटोचे कुरकुरीत तळलेले काप. हसू नका. शिवकालीन किल्ल्यांवर लिहिणारे विद्वान पुष्कळ आहेत. हिरव्या टोमॅटोच्या वाट्याला माझ्याशिवाय कोण येणार?

या पदार्थावर आमच्या घरात तीन दावे दाखल झाले आहेत. चिरंजीवांचं म्हणणं, हा अस्सल अमेरिकन पदार्थ. त्यांनी तो मोबाइलवर पाहिला आहे आणि मोबाइलवर पाहिलेलं खोटं नसतं. सौभाग्यवतींचं म्हणणं, "अमेरिका कशाला हवी? वांग्याचे काप करतो तेच हे. वांग्याच्या जागी टोमॅटो." आणि आईचं म्हणणं, "हिरव्या टमाट्याची चटणी करायची असती. तीळ, दाण्याचं कूट घालून. हे तळायचं असलं काही नसतंय." एका खात्यावर तीन वारसांनी हक्क सांगितला, की बँकेचा नियम स्पष्ट आहे: कुणालाही काही द्यायचं नाही, आधी मूळ कागद पाहायचे.

मूळ कागद पाहू लागलो तर गाव फार लांबचं निघालं. टोमॅटोचं जन्मस्थान दक्षिण अमेरिकेच्या पश्चिमेला, अँडीज पर्वताच्या परिसरात. तिथं तो बोराएवढा, रानटी आणि बेवारस होता. त्याला शेतात आणून माणसाळवलं ते मेक्सिकोकडच्या लोकांनी. त्यांच्या नाहुआत्ल भाषेत असल्या रसदार फळांना 'तोमात्ल' म्हणत. त्याचाच पुढे टोमॅटो झाला. १५२१ साली स्पॅनिश लोकांनी अॅझ्टेकांची राजधानी जिंकली, सोनंनाणं लुटलं, आणि पुढे सोन्या-चांदीच्या पाठोपाठ मका, मिरची, टोमॅटो ही मंडळीही जहाजात बसून युरोपला गेली. त्या सोन्या-चांदीचं काय झालं? एवढी संपत्ती येऊनही स्पेनचा राजा दुसरा फिलिप आपल्या कारकिर्दीत एकदा नव्हे, अनेकदा दिवाळखोर ठरला. टोमॅटोचं खातं मात्र पाचशे वर्षं व्यवस्थित चालू आहे. ठेव कशात ठेवावी, याचा विचार करणाऱ्यांनी हे ध्यानात घ्यावं.

युरोपातली टोमॅटोची पहिली लेखी नोंद १५४४ सालची मानतात. मात्तिओली नावाच्या इटालियन वैद्यानं लिहून ठेवलं, की आमच्याकडे हल्ली वांग्याचा एक नवा प्रकार आला आहे. आधी तो हिरवा असतो, पिकला की सोनेरी होतो, आणि खायची पद्धत वांग्यासारखीच. आता तेव्हाचे इटालियन लोक वांगं कसं खात असत? तर तेलात तळून, मीठ-मिरपूड लावून! हे वाचल्यावर मी वही मिटली आणि स्वयंपाकघरात जाऊन पहिल्या फेरीचा निकाल जाहीर केला: दावेदार क्रमांक दोन आघाडीवर. "हे सांगायला इटलीला जावं लागलं?" एवढीच प्रतिक्रिया आली.

पण गंमत इथे संपत नाही. टोमॅटो पाहिला, की माणसाला वांगंच आठवतं, हा अनुभव इटलीपुरता नाही. आपल्याकडे मुंबई इलाख्यात टोमॅटोला 'वेलवांगी' म्हणत. बंगाल्यांनी त्याचं नाव ठेवलं 'विलायती बेगुन', म्हणजे विलायती वांगं. आमच्या भागात निजामाच्या राज्यामुळे उर्दूचा वारा लागलेला, म्हणून बाजारात 'टमाटे'. विदर्भातले लोक त्याला 'भेदरं' म्हणतात, आमच्याकडे बदलून आलेल्या तिकडच्या एका सहकाऱ्यानं मंडईत पहिल्या दिवशी "भेदरं कशी दिली?" विचारलं, तेव्हा भाजीवालीच भेदरली होती.

शास्त्रज्ञांचंही पाहा. लिनियस या स्वीडिश पंडितानं १७५३ साली साऱ्या वनस्पतींची हजेरीपत्रकं तयार केली, तेव्हा त्यानं टोमॅटोला वांगं आणि बटाटा यांच्याच कुळात, एकाच टेबलावर बसवलं. दुसऱ्याच वर्षी मिलर नावाच्या इंग्रज माळ्यानं त्याची बदली केली आणि स्वतंत्र शाखा उघडून दिली. त्या शाखेचं लॅटिन नाव होतं 'लायकोपर्सिकॉन', म्हणजे लांडग्याचं पीच. पुढे गेल्या शतकाच्या अखेरीस आनुवंशिक तपासण्या झाल्या आणि वरिष्ठांच्या ध्यानात आलं, की मूळची जागाच बरोबर होती. टोमॅटो पुन्हा वांग्याशेजारी आला. बदली रद्द व्हायला जवळजवळ अडीचशे वर्षं लागली. हे वाचून मला फार धीर आला. आमच्या शाखेतल्या एकांचा अर्ज तर अवघी सात वर्षं पडून आहे.

टोमॅटो हे फळ की भाजी, यावर कज्जासुद्धा झाला आहे. अमेरिकेत १८८३ च्या कायद्यानं आयात भाज्यांवर दहा टक्के जकात होती, फळांवर नव्हती. न्यूयॉर्कच्या निक्स नावाच्या व्यापाऱ्यानं टोमॅटो मागवले. जकात अधिकारी हेडन यानं जकात घेतली. व्यापारी म्हणाला, वनस्पतिशास्त्राप्रमाणे टोमॅटो हे फळ आहे, पैसे परत करा. खटला थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. १८९३ साली निकाल लागला, की शास्त्र काहीही म्हणो. लोक टोमॅटो जेवणात भाजी म्हणून खातात, जेवणानंतर गोड म्हणून खात नाहीत, सबब ती भाजी. जकात कायम! सरकारी तिजोरीत एकदा जमा झालेला पैसा बाहेर काढायचा म्हणजे निसर्गाचे नियमही अपुरे पडतात, हा धडा त्यातून मिळतो.

हिंदुस्थानात टोमॅटो आणला तो पोर्तुगीजांनी, असं सर्वसाधारणपणे मानतात. पण आला म्हणजे लगेच पानात पडला असं नाही. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस जॉर्ज वॉट या साहेबानं हिंदुस्थानातल्या उपयुक्त मालाचा अनेक खंडांचा कोश रचला. त्यातली टोमॅटोची नोंद मोठी मासलेवाईक आहे. हे फळ मुख्यतः गोऱ्या लोकांसाठीच लावतात, देशी लोकांना आता कुठे त्याची गोडी लागते आहे, बंगाली आणि ब्रह्मी लोक ते आंबट कालवणात घालतात, असा तिचा मथितार्थ. म्हणजे आपल्या 'परंपरागत' टोमॅटोच्या साराची परंपरा काढायला गेलं, तर ती फार तर आजोबांच्या आजोबांपाशी दम तोडते. त्याआधी आमटीला आंबटपणा द्यायला चिंच होती, आमसूल होतं, ताक होतं, आणि आमच्या मराठवाड्यात अंबाडी होती. आज टोमॅटोवाचून आमटी म्हणजे कसंसंच वाटतं. त्या काळी टोमॅटो घातलेली आमटी म्हणजे धर्म बुडाल्यासारखं वाटत असेल. आपण ज्याला 'आपलं' म्हणतो, त्यातलं किती कालपरवा उसनं आणलेलं असतं, हे वही उघडल्याशिवाय कळत नाही.

आता चिरंजीवांचा दावा. हिरव्या टोमॅटोचे काप अमेरिकेत खरोखरच करतात, मक्याच्या पिठात घोळवून. आज तो तिथल्या दक्षिणेकडचा खास, पिढ्यान्‌पिढ्यांचा पदार्थ मानला जातो. पण तिकडच्या अन्नेतिहासकारांनी जुनी कात्रणं चाळली तेव्हा दिसलं, की याच्या जुन्या कृती सापडतात त्या बहुतेक उत्तरेकडच्या आणि मध्यपश्चिमेकडच्या. १८८९ आणि १९१९ साली निघालेल्या ज्यू घरांतल्या पाकपुस्तकांतही हा पदार्थ आहे. मग तो दक्षिणेचा केव्हा झाला? १९८७ साली फॅनी फ्लॅग या लेखिकेनं अलाबामा राज्यातल्या एका रेल्वे-लाइनीकाठच्या खानावळीवर कादंबरी लिहिली आणि तिच्या नावातच हे तळलेले हिरवे टोमॅटो घातले. तिच्या नात्यातल्या एका बाई आयर्नडेल गावी तशी खानावळ चालवीत असत, त्यावरून ती सुचली. १९९१ साली त्यावर सिनेमा निघाला, गाजला, आणि मग साऱ्या दक्षिणेला आठवलं, की अरेच्चा, हा तर आपल्या आजीचा पदार्थ! परंपरा अशीही तयार होते. एक कादंबरी, एक सिनेमा आणि हॉटेलबाहेर एक पाटी. यात हसण्यासारखं काही नाही. आपल्याकडे नुसत्या पाटीवरही भागतं.

पण उत्तरेत हा पदार्थ का जन्मला, हा खरा प्रश्न आहे आणि त्याचं उत्तर साधं आहे. तिथं थंडी लवकर पडते. पाला करपवणारा गारठा एका रात्रीत येतो आणि झाडावर टोमॅटो अजून हिरवेच असतात. पिकायची आशा नाही, फेकून द्यायचा जीव नाही. अशा वेळी घरची बाई जे करते, त्याला पुढे पाककला म्हणतात.

मग मला प्रश्न पडला, की आमच्या बीडमध्ये हिरवे टोमॅटो कुठून येतात? आमच्याकडे बर्फ पडत नाही. आमच्याकडे मुळात पाऊसच विचार करून पडतो. उन्हाळ्यात पारा चाळिशी ओलांडतो, तेव्हा टोमॅटोला नीट फळ धरत नाही आणि धरलं तरी नीट लाली येत नाही. तीस-बत्तीस अंशांच्या वर तो तांबडा रंग तयार होणंच मंदावतं. पण त्याचं उत्तर मला कुठल्या ग्रंथात नाही, काउंटरवर मिळालं.

फाल्गुनातली गोष्ट. आमचे एक जुने खातेदार, आष्टीकडचे शेतकरी, पीककर्जाचं नवं-जुनं करायला आले. ज्यांना बँक माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो: नवं-जुनं म्हणजे जुनं कर्ज भरलं असं दाखवायचं आणि त्याच दिवशी नवं उचलायचं. कागद बदलतात, तारीख बदलते, माणूस आणि कर्ज तेच राहतं. काका म्हणायच्या वयाचे गृहस्थ. अर्धा एकर टोमॅटो लावला होता, मल्चिंगचा कागद, ठिबक, तार-काठी सगळं शास्त्रशुद्ध. माघात विहिरीनं तळ दाखवला. टँकरचं पाणी माणसांना पुरेना, झाडांना कुठून घालणार? झाडं मान टाकू लागली तेव्हा त्यांनी ती उपटली. जाताना एक जड पिशवी माझ्या टेबलावर ठेवली. आत हिरवेगार, टणक टोमॅटो.

मी म्हणालो, "काका, हे कशाला? आम्हाला भेट घ्यायची परवानगी नसते."

ते म्हणाले, "भेट कशाची साहेब? पिकले असते तर विकले असते. नाही पिकले, म्हणून तुमाला आणले."

हे वाक्य मला बरेच दिवस पुरलं आहे. अमेरिकेत हिरवा टोमॅटो थंडीनं होतो, आमच्याकडे विहिरीनं होतो. आणि पिकला तरी सुटका नाही, हे वेगळंच. २०२३ च्या जुलैत टोमॅटो किलोला शंभराच्या वर गेला, तेव्हा माणसं तो सफरचंदासारखा चार-चार मोजून घेत होती. नारायणगावच्या बाजारात काही शेतकऱ्यांचं नशीब उघडलं म्हणून बातम्या आल्या. त्या बातम्या वाचून ज्यांनी लागवड केली, त्यांचा माल सप्टेंबरात आला तेव्हा किलोला पाचाच्या आसपास भाव होता. वीस किलोचं कॅरेट विकून त्यात गाडीभाडंही निघेना, तेव्हा लोकांनी माल रस्त्यावर ओतला. पेपरात दोन्ही वेळा फोटो आला. टोमॅटो दोन्ही फोटोंत लालच होता. शेतकऱ्याचा चेहरा मात्र एकाच फोटोत होता.

ती पिशवी आम्ही भेट म्हणून घेतली नाही, बाजारभावानं विकत घेतली. कच्च्या टोमॅटोचा बाजारभाव काय, यावर काउंटरवर दहा मिनिटं उलटी घासाघीस झाली. ते भाव उतरवीत होते आणि मी चढवीत होतो. बँकेच्या इतिहासात असा व्यवहार पूर्वी झाला नसावा.

आता कृती. इतिहास कितीही वाचला तरी पोट भरत नाही. टोमॅटो खरोखर कच्चा हवा, नखानं दाबला तर नख दुखावं इतका. पिकताना टोमॅटोतलं पेक्टिन विरघळत जातं आणि तो मऊ पडतो. तो कढईत घातला की लगदा होतो. कच्च्यात ते शाबूत असतं, म्हणून कापाचा आकार टिकतो. कच्च्या टोमॅटोत टोमॅटिन नावाचं कडवट द्रव्य असतं म्हणून काहीजण भितात. पण चार-सहा काप खाण्यानं कुणाला काही होत नाही. पानं मात्र खाऊ नयेत, ती शेळ्यांनीसुद्धा विचार करून खावीत.

पाव इंच जाडीच्या चकत्या कापायच्या. पातळ केल्या तर आत काही उरत नाही, जाड केल्या तर आत कच्च्या राहतात. पगारवाढीसारखं आहे, मधलाच आकडा मान्य करावा लागतो. चकत्यांना मीठ लावून पंधरा मिनिटं ठेवायच्या, म्हणजे पाणी सुटतं. ते पाणी फडक्यानं नीट टिपून घ्यायचं. कुरकुरीतपणाचा सगळा शत्रू पाणी. मग कोरड्या पिठात एकदा घोळवून घ्यायच्या, त्यानं वरचा लेप धरून राहतो. नंतर दाट ताकात बुडवून ज्वारीचं पीठ, थोडा रवा, थोडं डाळीचं पीठ, तिखट, हळद आणि तीळ यांच्या मिश्रणात दोन्ही बाजूंनी दाबायच्या. अमेरिकेत मक्याचं पीठ, आमच्याकडे ज्वारी. ज्वारीची भरड काढली तर कापाला मक्यापेक्षा चांगला चुरचुरीतपणा येतो, हे मी पक्षपात न करता सांगतो. तेल तापलेलं हवं, पिठाचा कण टाकला की लगेच वर यावा. कढईत गर्दी करायची नाही. गर्दीत तेल थंड होतं आणि काप तेल पितात. आणि काढल्यावर ताटात एकावर एक रचायचे नाहीत, चाळणीवर मोकळे ठेवायचे. नाहीतर त्यांची वाफ त्यांनाच मऊ करते.

पहिला घाणा झाला. चिरंजीव म्हणाले, "एकदम क्रिस्पी!" आईनं एक तुकडा मोडला, बराच वेळ चघळला आणि म्हणाली, "वाईट नाही. आंबूस लागायलंय. पण चटणीला दोन ठेव बरं का." न्यायालयाचा निकाल लागला असं मी समजलो.

ताट समोर होतं म्हणून मी हिशेब मांडायला बसलो. टोमॅटो मेक्सिकोचा. तिखटाची मिरची तिकडचीच. चटणीतला शेंगदाणा दक्षिण अमेरिकेचा. डाळीचं पीठ ज्याचं, तो हरभरा पश्चिम आशियातला. करडई, जिचं तेल, तीही त्याच बाजूची. रव्याचा गहूसुद्धा. राहिली ज्वारी. मी म्हणालो, "ज्वारी तरी आपली!" तर तीही हजारो वर्षांपूर्वी आफ्रिकेतून आलेली निघाली. आपले म्हणावेत असे तीळ उरले, आणि ज्याच्या नावानं हे काप चालतात पण जे ताटात नव्हतं, ते वांगं.

आई हे ऐकत होती. ती म्हणाली, "आफ्रिकेची असंल. पण बहात्तरला अमेरिकेची खाल्ली आम्ही."

१९७२ च्या दुष्काळात अमेरिकेहून लाल ज्वारी आली होती, मिलो. आई तेव्हा शाळकरी पोर. खडी फोडायच्या कामावर तिचे वडील जात, पोरांना सुकडी मिळे आणि घरी त्या मिलोच्या भाकरी होत. "थापायला गेलं की मोडायची," ती म्हणाली. "आम्ही तिला नावं ठिवायचो. पण खाल्ली. तिच्यावर जगलो." आफ्रिकेतून निघालेली ज्वारी अमेरिकेला गेली, आणि एक दुष्काळी वर्षं गाठून बीडच्या तव्यावर येऊन मोडली. ही नोंद माझ्या वहीत नव्हती. जमा करून घेतली. व्याज लावायचं धाडस झालं नाही.

तर निकाल असा. पदार्थ इटलीचा नाही, अमेरिकेचा नाही, आमचाही नाही. ज्याच्या झाडावर फळ आहे आणि ते पिकायची आशा नाही, त्या प्रत्येक घराचा तो आहे. तीनही दावेदारांनी समान हिस्सा घ्यावा. चटणीचे दोन टोमॅटो आधी वजा करून.

आष्टीच्या काकांचं नवं-जुनं झालं. पुढच्या हंगामात पुन्हा टोमॅटोच लावणार म्हणतात. वाचकहो, हे काप घरी अवश्य करून पाहा. आमच्या घरी मात्र पुढल्या फाल्गुनात ते होऊ नयेत अशी माझी इच्छा आहे. झाले नाहीत, तर समजा की विहिरीला पाणी होतं.